परीक्षकाची तीन बोटं

ही हकीकत मी आजपर्यंत टाळत आलो. टाळायला कारणं शोधावी लागली नाहीत, ती आपणहून येत गेली. आधी वाटलं, प्रकरण ताजं आहे, जरा निवू दे. मग वाटलं, आता कुणाच्या लक्षात आहे? मग माझ्या डोळ्यांचं ऑपरेशन आलं, नातीचं लग्न आलं. निवृत्त संगीत शिक्षकाला लिहायला वेळ नव्हता असं म्हटलं तर कोल्हापुरात कुणी विश्वास ठेवणार नाही. वेळ होता. तोंड नव्हतं.

गेल्या महिन्यात एका गृहस्थांचा फोन आला. ओळख ना पाळख.

"सर, तुम्ही सिनियर परीक्षक. एक व्हिडिओ पाठवलाय, समूहनृत्याचा. आमच्या पोरींचा दुसरा नंबर काढलाय. पहिल्या नंबरच्या टीममधल्या एका पोरीचं घुंगरू मधेच सुटून पडलंय. स्लो करून बघा, स्पष्ट दिसतंय. तेवढं तज्ज्ञ म्हणून लिहून द्या की."

"लिहून कशाला?"

"पिटिशनला जोडायचंय. आता हायकोर्ट गावातच आलंय, मुंबईची खेप नाही. वकील म्हणाले, परीक्षक माणसाचं एक पत्र पाहिजे."

"मुली कितवीत आहेत?"

"सातवीत."

मी फोन ठेवला आणि बेसिनपाशी जाऊन चूळ भरली. खरंच तोंडाला चव राहिली नव्हती. या शहरानं हायकोर्ट जवळ यावं म्हणून वर्षानुवर्षं मोर्चे काढले. वकिलांनी कामं बंद ठेवली. एका मोर्चात मीही दसरा चौकातून चाललो होतो, भर उन्हात, डोक्यावर ओला रुमाल टाकून. सातवीतल्या पोरीचं घुंगरू न्यायाधीशापुढं ठेवता यावं म्हणून कुणी चाललं नव्हतं.

मला त्या गृहस्थाची किळस आली हे खरं. पण त्यानं फोन केला तो योग्य माणसालाच केला होता. असलं लिखाण मी एकदा करून दिलेलं आहे. सही करून, शिक्का मारून.

आधी या स्पर्धा कशा चालतात ते सांगतो, कारण बाहेरच्या माणसाला वाटतं तिथं गाणं ऐकलं जातं. मी निवृत्तीच्या आधी आणि नंतरही शालेय गायन स्पर्धांचा परीक्षक म्हणून हिंडलो. सुरुवातीला मुलं गायची, आम्ही ऐकायचो, नारळ आणि शाल घेऊन घरी यायचो. मग दहावीला कलेचे वाढीव गुण मिळू लागले आणि सभागृहाची हवाच बदलली. आठवीतल्या पोरींच्या तोंडावर नवरीएवढा रंग. विंगेत आई एका हातात कंगवा आणि दुसऱ्या हातात नियमांचं पत्रक घेऊन उभी. वडील पहिल्या रांगेत मोबाईल तिकाटण्यावर चढवून बसलेले, आणि त्या मोबाईलचं तोंड परीक्षकांकडं. दुपारी यजमान संस्थेकडून परीक्षकांना मटणाचं जेवण. तिथं पत्रावळीवरची हाडं चोखत लोक विचारणार, "मग सर, आमच्या पोरीचं कसं काय वाटलं?" बोटांना तांबडा रस्सा, ओठांवर लोकसंगीत. मी त्या पंगतीत बसत असे. उठून गेलो असं एकदाही झालं नाही.

तरी एक गोष्ट आम्ही जुनी माणसं पाळत होतो. ती आमच्या धंद्यातली रीत होती. साथीला संस्थेचा एकच पेटीवाला असायचा. मुलं स्टेजवर येऊन त्याला पट्टी सांगायची, म्हणजे कुठल्या सुरापासून गायचं ते. शहरातल्या शिकवणीच्या मुलांना आपली पट्टी पाठ. खेड्यावरच्या मुलांच्या शाळेत पेटीच नाही, ती पोरं बाकावर ताल धरून शिकलेली. पेटीवाल्यानं "कुठली पट्टी?" विचारलं की ती बावरायची आणि आधी जो गाऊन गेला त्याच्याकडं बोट करायची: "त्येचीच." मग पहिल्या ओळीलाच कळायचं की पट्टी चढी आहे, अंतऱ्याला गळा फाटणार. अशा वेळी आम्ही परीक्षकाच्या टेबलावरून पेटीवाल्याला बोटं दाखवायचो. तीन बोटं म्हणजे पेटीची तिसरी काळी पट्टी, काळी तीन; चार म्हणजे काळी चार. तो ओळ संपली की गुपचूप पट्टी उतरवायचा आणि पोरगं सुटायचं. यात कुणाला पाप वाटलं नाही. आधी आम्ही मास्तर, मग परीक्षक. पोरगं गाणं येऊनही केवळ पट्टीनं बुडालेलं आम्हाला बघवत नसे.

त्या वर्षी लोकगीत गायनाचा मी मुख्य परीक्षक होतो. शहरातल्या एका बांधकाम ठेकेदाराची मुलगी आली. नऊवारी, नथ, केसांत गजरा. तिच्या बाईंनी तिला खालची पट्टी शिकवली होती, त्यात आवाज बसल्यासारखा वाटत होता. मी पाच बोटं दाखवली. पेटी काळी पाचवर गेली आणि पोरगी मोकळी झाली. चांगली गायली, खोटं कशाला बोलू.

तिच्या मागून शिरोळकडच्या एका शाळेची मुलगी आली. शाळेचाच गणवेश, दोन वेण्या, पायात चप्पल नाही. बरोबर वडील, त्यांचं ट्रॅक्टरची सीटं आणि हूड शिवायचं दुकान. घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या पिंजाऱ्याचं काम होतं, कापसाच्या गाद्या गेल्या आणि फोम आला तसे हे सीटांकडं वळलेले. साथीला गावातलाच एक हलगीवाला. पेटीवाल्यानं पट्टी विचारली. तिनं मागं वळून विंगेकडं बघितलं आणि म्हणाली, "त्या ताईचीच."

म्हणजे मी लावलेली काळी पाच.

ती भलरी होती, शेतात बायका कापणीला म्हणतात ती. पहिली ओळ तिनं कशीबशी वर ठेवली. मानेच्या शिरा दिसू लागल्या. ती माझ्याकडंच बघत होती. मी टेबलावरचा हात उचलला, तीन बोटं दाखवली. पेटी उतरली. हलगीला पट्टीचं काही पडलेलं नव्हतं, ती चालूच राहिली. आणि मग त्या पोरीनं असा काही आवाज लावला की मागच्या रांगेतल्या चहावाल्यानं ट्रे खुर्चीवर ठेवला. शेतात वाकलेल्या बाईनं मान वर न करता लांबच्या बाईला साद द्यावी तसा आवाज. तिघाही परीक्षकांचा पहिला नंबर तिलाच गेला, आपापसात एक शब्द न बोलता.

निकाल ऐकून दुसऱ्या आलेल्या ठेकेदाराच्या मुलीनं टाळ्या वाजवल्या. तिच्या आईनं तिचा हात धरून खाली ओढला.

पंधरवड्यात संस्थेला कोर्टाची नोटीस आली. कसबा बावड्याच्या कोर्टात दावा, राज्य स्पर्धेला शिरोळची मुलगी पाठवू नये म्हणून मनाईची मागणी. नियमांच्या पत्रकात एक कलम होतं, ते आम्हा कुणाच्या गावी नव्हतं: गायन सुरू झाल्यावर पट्टी बदलल्यास स्पर्धक बाद. ठेकेदारानं व्हिडिओ जोडला होता. त्यात पट्टी उतरलेली ऐकू येत होती. पाठमोरा मी दिसत होतो आणि माझा हात उचललेला दिसत होता, पण बोटं दिसत नव्हती. त्याच्या स्वतःच्या मुलीच्या गाण्याचाही व्हिडिओ त्यानं घेतला असणारच. तो जोडला नव्हता.

संस्थेनं मला त्यांच्या वकिलाकडं पाठवलं. वकील माझ्या माजी विद्यार्थ्याच्या वयाचे. फायलीवर हात ठेवून म्हणाले, "सर, मला खरं सांगा. हात केला होता?"

"केला होता. आमची रीतच आहे. दोन्ही मुलींना केला."

ते हसले. "हे बाहेर बोलू नका. तुम्ही केला म्हटलं की परीक्षकच स्पर्धेत उतरला. सगळी स्पर्धा रद्द. दोन्ही पोरी जातात, संस्थेची अब्रू जाते, उद्या पेपरात तुमचा फोटो येतो. पेन्शनवाल्या माणसानं कशाला चौकशी मागं लावून घ्यायची? पण पोरीनंच पेटीवाल्याला खूण केली म्हटलं, तर एकच पोरगी जाते. कलम तिला लागतं, विषय संपला."

"पण तिनं केली नाही."

"व्हिडिओत कुणाचीच बोटं दिसत नाहीत, सर."

मी उठून येऊ शकत होतो. जिना चार पावलांवर होता. मला सगळ्यात जास्त भीती वाटली ती पेपरातल्या फोटोची. या माणसानं स्पर्धकाकडून साधा चहा घेतला नाही अशी माझी ख्याती होती, आणि ती मीच पंगतीत बसून पसरवलेली होती. मी सही केली. प्रतिज्ञापत्रात वाक्य होतं ते असं: स्पर्धकानं गायन सुरू असताना स्वतः साथीदारास खूण करून पट्टी बदलून घेतली. मराठी शुद्ध होतं. मीच एका ठिकाणी मात्रा दुरुस्त करून दिली.

पेटीवाला घरी आला. माझ्याच शब्दावर त्याला स्पर्धांची कामं मिळायची.

"मास्तर, मी काय सांगू? माझ्या तर डोळ्यापुढं तीन बोटं हायत."

"तू मान खाली घालून वाजवत होतास असं सांग."

"मान खाली घालून पट्टी कशी बदलली म्हणू? सपान पडलं?"

"पोरीनं सांगितलं म्हण."

तो हसला, पण ते हसू बघवेना. "बरं हाय की. बोटं तुमची, पेटी माझी आणि चोरी पोरीची." चहा न पिता गेला. पण सही त्यानंही केली. त्याच्या हातून ती मी करवून घेतली, हे वेगळं लिहायला हवं.

तारखेला मी बावड्याला गेलो. कोर्टाच्या व्हरांड्यात बाकांवर जागा नव्हती. एक माणूस चटकन उठला. "सर, बसा की हितं. कवाधरनं उभं हाय तुम्ही." मुलीचे वडील होते. मुलगी गणवेशातच, शाळा बुडवून आलेली. त्यांनी पिशवीतनं पाण्याची बाटली काढून मला दिली. माझ्या प्रतिज्ञापत्रात काय आहे हे त्यांना ठाऊक नव्हतं. त्यांना वाटत होतं, मी त्यांच्या बाजूनं सांगायला आलोय. मी पाणी प्यालो.

"सर हायत म्हटल्यावर काय काळजी न्हाय," ते मुलीला म्हणाले. "सरांनीच नंबर दिलाय तुला."

मुलगी माझ्या हाताकडं बघत होती. आमच्याकडच्या पोरी बोलतात तशी बोलली, "सर, तुम्हीच तीन बोटं दाखवलासा न्हवं? मी तुमच्याकडंच बघत होतो. तेवढं सांगा की आत."

इथं मला खरं बोलायचं होतं तर याहून सोपी वेळ येणार नव्हती. पोरीनं वाक्य हातात आणून दिलं होतं. मला नुसतं हो म्हणायचं होतं.

मी म्हणालो, "नाही बाळ. मी चष्मा नीट करत होतो."

"न्हाय सर, बोटं—"

"गप ए," वडील ओरडले. "सरांना उलटं बोलतीस व्हय?"

ती रडली असती तर मला बरं वाटलं असतं. ती माझ्या चष्म्याकडं बघत उभी राहिली. आजही मी बोलताना 'बाळ' हा शब्द वापरत नाही. नातवंडांनाही नाही. तो शब्द त्या दिवशी माझ्या तोंडात नासला.

कोर्टाला काही ठरवायची वेळच आली नाही. माझं प्रतिज्ञापत्र दाखल झाल्यावर संस्थेनं आपणहूनच निकाल बदलला. ठेकेदारानं दावा काढून घेतला. त्याची मुलगी राज्य स्पर्धेला गेली. शिरोळच्या शाळेला पत्र गेलं की आपल्या विद्यार्थिनीनं नियमभंग केला आहे. मुख्याध्यापकांनी ते प्रार्थनेच्या वेळी वाचून दाखवलं, असं मला नंतर कळलं. ठेकेदारानं माझ्या घरी पेढे पाठवले. पुडा आला तसा मी गेटबाहेर कचऱ्याच्या कोंडाळ्यात टाकला, आणि टाकताना इकडंतिकडं बघून घेतलं, कुणी बघत नाही ना. मला त्याचीही किळस येते. पेढे फेकायलासुद्धा मला आडोसा लागला.

बायकोला मी त्याच संध्याकाळी सगळं सांगितलं. ती शेंगा फोडत होती. ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, "हात तुमचा आणि बाद ती?" मी काहीतरी कलमांचं सांगू लागलो. ती परात उचलून आत गेली. रोज दिवेलागणीला ती मला पेटीवर एखादा अभंग वाजवायला सांगायची. त्यानंतर तिनं कधी सांगितलं नाही. पुढं ती गेली, तोवर पेटीच्या भात्याला भेगा पडल्या होत्या.

मी परीक्षकपण सोडलं. लोकांना गुडघे सांगितले. पण हात वर केला की मला अजून समोर त्या पोरीचे डोळे दिसतात. रिक्षा थांबवायला हात केला तरी.

एका पावसाळ्यात कृष्णेला मोठा पूर आला. पाणी ओसरल्यावर इथून कपडे, धान्य घेऊन गाड्या शिरोळकडं जायला लागल्या. एका गाडीत मीही बसलो. मदतीचं नुसतं नाव होतं. मला ते दुकान शोधायचं होतं. वाटेत मी वाक्य घोकत होतो. गाण्याची ओळ बसवावी तसं घोकत होतो, कुठं श्वास घ्यायचा ते ठरवून.

दुकान सापडलं. भिंतीवर डोक्याच्या वर गाळाची रेघ. बाहेर फोमचे ठोकळे उन्हात वाळत टाकलेले, त्यांना कुबट वास. मुलीचे वडील वाकून एका सीटचा भिजलेला रेक्झिन उसवत होते. दाढी पांढरी झाली होती. मला बघून हातातली सुई फोमला टोचून उठले.

"सर! अहो, कुठं चिखलात आलासा?" एक ट्रॅक्टरचं सीट झटकून त्यांनी मला पुढं केलं. "बसा, हे वाळलंय."

मी बसलो. शेजारच्या टपरीवरून चहा आला. मुलीचं विचारलं. लग्न करून मिरजेकडं दिली होती, तिला एक लहान मुलगा होता.

"गाते का?"

"न्हाय. तवापासनंच बंद केलं. घरात बायका गायला बसल्या तर उठून जायची." ते कपातल्या चहाकडं बघत बोलत होते. "सर, एक सांगू? लई दिवस मनात हाय. कोर्टातनं घरला आल्यावर पोरगीनं धरूनच ठेवलंतं. अब्बा, सरांनीच बोटं दाखवली, सरांनीच. जेवायची न्हाय. एक दिवस मला राग आला. म्हटलं, एवढा मोठा माणूस खोटं बोलतोय आणि तू खरं व्हय? आणि दिली एक ठेवून. जन्मात पहिल्यांदा हात उचलला मी तिच्यावर."

मी चहाचा कप खाली ठेवला. आता बोलायचं, असं मी स्वतःला सांगितलं. श्वास घेतला.

तेवढ्यात त्यांनी हात जोडले. "आमच्या पोरगीनं तुमच्यावर नको ते घेतलं, भर कोर्टात. लहान होती. तुमची माफी मागायची राहिलीती बघा. आज तुम्ही दारात आला, बरं झालं. माफ करा सर."

मी त्यांचे जोडलेले हात धरले. लोकांना लांबून ते चांगलं दिसलं असेल. आणि मी म्हणालो, "जाऊ द्या हो. मनात ठेवू नका."

मी त्यांना माफ केलं. गाडीत येऊन बसलो, आणि जयसिंगपूर येईपर्यंत मला गाडी थांबवून दोनदा उतरावं लागलं. बरोबरच्या पोरांना वाटलं, पुराच्या भागातलं पाणी बाधलं.

मुलीचे वडील गेल्या हिवाळ्यात वारले. पेटीवाल्यानं सांगितलं. त्याची माझी रस्त्यात गाठ पडली, थांबून तेवढंच सांगितलं आणि पुढं गेला. म्हणजे आपली मुलगी खोटं बोलली असं मानूनच ते गेले. मुलगी मातीला आली होती म्हणे. त्या दोघांमध्ये शेवटी काय बोलणं झालं, मला माहीत नाही. विचारायचा हक्कही नाही.

तो घुंगरूवाला पुन्हा फोन करेल. त्याला मी हेच वाचून दाखवणार आहे, पूर्ण, आणि त्याच्या पिटिशनला जोडायचं असेल तर खुशाल जोड म्हणणार आहे.

त्या दिवशी ट्रॅक्टरच्या सीटावर बसून जे म्हणायचं होतं, ते फार लांब नव्हतं. एका श्वासात बसत होतं. तुमची मुलगी खरं बोलली. बोटं माझी होती. मला माफ करा, आणि आधी तिची माफी मागा.